धूरनळी आणि पडद्याची तार

इकडे बघा, वर. चुलीच्या डोक्यावरून भिंतीतून बाहेर गेलेली काळी नळी दिसते ना? तीच मी बोलतेय.

युसूफ वडगाव गावातल्या या स्वयंपाकघरात नवीन माणूस आला की माझ्याकडे बघून विचारतो, "ही कुठून आणली?" त्याला वाटतं, लोहारानं चुलीसाठीच घडवली असेल. वाटू दे बापडं. पण तुम्ही पाटावर निवांत बसला आहात, भाकरी व्हायला वेळ आहे, म्हणून तुम्हाला सांगते. मी जन्माची चुलीवरची नाही. मी मोटारीच्या पोटाखालची. निजामाच्या मुलखात मोटार बघायला लोक रानातली कामं टाकून सडकेवर येऊन उभे राहत, त्या काळातली.

माझा जन्म साता समुद्रांपलीकडे एका कारखान्यात झाला. तिथलं फारसं काही आठवत नाही. जाड पत्र्याची गुंडाळी केली, शिवण मारली, एक तोंड इंजिनाला जोडलं, दुसरं गाडीच्या मागे मोकळं सोडलं, झालं माझं बारसं. काम एकच. इंजिनात पेट्रोल जळतं, त्याचा जळका श्वास माणसांपासून लांब, मागे नेऊन सोडायचा. लोक मोटारीचं कौतुक करताना भोंगा वाजवून बघत, दिव्याच्या काचेत मिशा न्याहाळत. माझ्याकडे वाकून बघितलं ते फक्त गावोगावच्या कुत्र्यांनी. तरी माझी तक्रार नव्हती. जिच्याकडे कोणाचं लक्ष जात नाही तिचं काम नीट चाललंय, असं खुशाल समजावं.

हैदराबादेहून बदलून आलेल्या एका अंमलदाराची ती मोटार. त्यांची पुन्हा बदली झाली तेव्हा ती दिंद्रुडच्या मोहनराव देशमुखांनी घेतली. मोहनराव म्हणजे मोठे जमीनदार, बोलायला कडक आणि मनाने लोणी. मोटार चालवायला त्यांनी बंकटला बसवला. बंकट आधी त्यांच्याच घरची बैलांची दमणी हाकायचा. त्याची बैलांची सवय काही गेली नाही. चढ आला की तो जिभेने टिकटिक करायचा, थांबायचं असलं की ब्रेक दाबून वर "हो हो हो" म्हणायचा, आणि घरी पोचलो की इंजिनावर थाप मारून "दमलीस, बाई" म्हणायचा. तेव्हापासून मी स्वतःला बाईच समजते.

मोटारीच्या मागच्या बाजूला खाकी कॅनव्हासचे पडदे होते, एका जाड तारेत ओवलेले. देशमुखांच्या घरच्या बायका पडद्याशिवाय बाहेर पडत नसत. मोहनरावांच्या पत्नी सावित्रीबाई तर पडद्याच्या बाबतीत सरकारपेक्षा कडक. बोटभर फट दिसली की त्या बाभळीचा काटा टोचून ती बंद करीत. गाडीत बसायच्या आधी दोनचार काटे त्यांच्या चंचीत असायचेच. "देशमुखांची बाई रस्त्यानं दिसली, असं कुणी म्हणू नये," एवढंच त्यांचं म्हणणं.

आता माझ्या दुखण्याकडे येते. मला पोटाखाली उचलून धरणारी एक लोखंडी पट्टी होती. बैलगाड्यांच्या चाकोऱ्यांनी सडक अशी खोल झाली होती की ती पट्टी एक दिवस कटकन तुटली. बंकटनं काय करावं? दमणीचं काही सुटलं की गाडीवान ते चामड्याच्या वादीनं बांधतो. त्यानं मलाही वादीनं बांधलं. वादी तापली, ताणली, सैल झाली. मी खड्ड्याखड्ड्याला हिंदकळायला लागले आणि शेवटी सांध्यापाशी मला भेग पडली. नेमकी मागच्या बैठकीच्या खाली, बायका बसतात तिथे.

मोटार फटफट करू लागली तेव्हा बंकटला कळलं. त्यानं ओली चिंधी गुंडाळली. ती पहिल्याच फेरीला जळून गेली. तेवढ्यात गावात कल्हईवाला आला. अंगणात घागरी, तपेल्यांची ओळ लागली होती, बंकटनं मला सोडवून त्या ओळीत नेऊन ठेवलं.

"ही कशाची घागर आणलीस?" कल्हईवाला हसला.

"घागर गळली तं तू डाग देतोस का न्हाई? ही बी गळतीय. दे डाग."

कल्हईवाल्यानं मला घासलं, तापवलं आणि कथलाचा असा सुरेख डाग दिला की मीच हरखले. मोहनरावांनी वाकून बघितलं आणि म्हणाले, "काय बे बंकट, चांदीची केलीस की रे हिला!" गळतं भांडं सगळ्या जन्मात असंच दुरुस्त झालेलं त्यांनी पाहिलं होतं. पण घागरीत थंड पाणी असतं आणि माझ्या पोटात आग, हे त्या गर्दीत कोणाच्या लक्षात आलं नाही. कथील चुलीवर धरलं तर लोण्यासारखं वितळतं, हे खरं म्हणजे सगळ्यांनाच माहीत होतं.

त्याच आठवड्यात चंद्रभागा पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. मोहनरावांची एकुलती एक लेक, इथे युसूफ वडगावला दिलेली. दिवस भरत आले होते. सुईणीनं पोट चाचपलं. मग सावित्रीबाईंना बाजूला घेऊन म्हणाली, "मूल आडवं हाय, बाई. माझ्या हातचं काम न्हाई. कळा सुरू व्हायच्या आत बीडच्या दवाखान्यात न्या. तिथं डॉक्टरीणबाई हायत."

तासाभरात आम्ही निघालो. पुढे बंकट आणि मोहनराव, मागे सावित्रीबाई आणि चंद्रभागा, चारी बाजूंनी पडदे आणि पडद्याला काटे.

तेलगाव मागे पडलं आणि माझ्या अंगावरचा चांदीचा डाग घाम फुटावा तसा टपटप गळून सडकेवर पडला. भेग पुन्हा उघडी झाली. आता तर ती आधीपेक्षा रुंद. माझा श्वास मागे जायच्याऐवजी वर, फळ्यांच्या फटीतून बैठकीच्या खाली शिरू लागला.

लोकांना काळा धूर भीतीदायक वाटतो. तो बिचारा दिसतो तरी, खोकला आणतो, माणूस बाजूला होतो. त्याच्या सोबतीला दुसरा एक असतो, तो दिसत नाही. तो गुपचूप येऊन डोकं जड करतो आणि झोप आणतो. पडदे घट्ट नसते तर वाऱ्यानं तो उडून गेला असता. पुढच्या बैठकीवर मोहनराव आणि बंकट मोकळ्या वाऱ्यात बसले होते, त्यांना काही कळायचं कारण नव्हतं.

आत चंद्रभागाला मळमळू लागलं.

"पोटुशी बाईला व्हतंच असं," सावित्रीबाई म्हणाल्या आणि तिच्या नाकाला फोडलेला कांदा लावला. त्यांचंही डोकं दुखत होतं. त्यांना वाटलं, उपासाचं पित्त असेल. थोड्या वेळानं चंद्रभागाची मान एका बाजूला गेली. "झोपली वाटतं. झोपू दे," असं म्हणून सावित्रीबाईंनी स्वतःही डोळे मिटले.

मला ओरडता येत होतं तितकी मी ओरडत होते. फट फट फट. पण त्याची तर आता सगळ्यांना सवय झाली होती.

चंद्रभागा झोपली नव्हती. तिनं कसाबसा हात उचलला, काट्यांनी ओरखडे निघाले तरी पडदा ओढला, फाडला आणि तोंड बाहेर काढून पाण्यातून वर आल्यासारखा श्वास घेतला. "आबा! थांबवा! आबा!"

बंकटनं ब्रेक दाबला. घाईत त्या दिवशी तो "हो हो हो" म्हणायचं विसरला.

मोहनराव धावत मागे आले. लेकीचं उघडं तोंड सडकेवर बघून आधी त्यांच्या कपाळाला आठी पडली. "पडदा कावून काढलास? पुढं वडवणीचा बाजार हाय, माणसं बघतील."

"आबा, आत जीव जातोय."

"अगं, तुला मळमळ—"

"मळमळ मला म्हाईत हाय, आठ म्हैने झाले. ही ती न्हाई. आईला बघा आधी!"

सावित्रीबाईंना उतरवून बाभळीखाली बसवलं. तोंडावर पाणी मारल्यावर त्यांनी डोळे उघडले, उलटी केली आणि पहिलं वाक्य म्हणाल्या ते, "पोरगी कुठंय?"

बंकट तोवर गाडीखाली शिरला होता. आतली फळी काळी पडून तिच्यातून बारीक धूर निघत होता. त्यानं मातीनं ती विझवली आणि बाहेर येऊन कान धरले. "मालक, पडदे उघडे ठिवले तरी गाडी न्हेता यायची न्हाई. आग वर येतीय. फळी पेटंल. नळी बुजवल्याबिगर एक पाऊल न्हाई."

बैलगाडीनं बीडला पोचायला दुसरा दिवस उजाडला असता. तेवढा वेळ चंद्रभागाजवळ आहे की नाही, हे कोणालाच ठाऊक नव्हतं. ती पोटाला हात लावून बसली होती.

सडकेच्या कडेला कुंभाराची झोपडी होती. तिथली छबुबाई मडकी उन्हात मांडत होती. गर्दी बघून ती आली, बंकटकडून हकीकत ऐकली, आणि कमरेवर हात ठेवून म्हणाली, "म्हंजी चुलीला भेग पडलीय म्हणा की. आलेच." ती मळलेली माती, राख आणि घोड्याची लीद घेऊन आली. वाकली आणि माझ्यावर थापायला लागली. मी तापून लाल. माती चर्रर्र करून सुकली आणि पापुद्रा होऊन खाली पडली. छबुबाईचं बोटही भाजलं.

"गार तरी व्हऊ द्यायचं व्हतं!" बंकट ओरडला.

"मंग तू आधी सांगायचं व्हतंस, मोटार तुजी हाय का माजी?"

बंकटनं घासलेटच्या डब्याचा पत्रा कापून माझ्याभोवती गुंडाळला. दोन्ही हातांनी धरला की बसायचा, सोडला की उलगडायचा. एकटी माती टिकेना, एकटा पत्रा टिकेना. मग दोघं भांडायचं थांबले. मला थंड होऊ दिलं. विटेच्या तुकड्यानं गंज घासला. छबुबाईनं मातीत मीठ आणि शेळीचे केस कालवून ती भेगेत अंगठ्यानं भरली, वर जाड लेप दिला, आणि बंकटनं त्यावर पत्रा घट्ट आवळला.

"आता बांधा. दोरी द्या," छबुबाई म्हणाली.

"दोरी जळंल, मावशी. वादी जळंल. तार पायजे."

तार कुठून आणायची? छबुबाईच्या घरात सगळ्या दोऱ्या अंबाडीच्या. बंकटची पेटी उलटी केली, त्यात पाना, तेलाची बुधली आणि विडीचं बंडल. गाडीखाली मोहनराव देशमुख स्वतः उताणे पडून दोन्ही हातांनी पत्रा धरून होते. धोतराला चिखल, पागोटं कुठेतरी घरंगळलेलं. बंकट कंबर धरून उभा राहिला आणि त्याची नजर हळूच मोटारीच्या मागच्या बाजूला गेली. लगेच त्यानं ती खाली वळवली. बोलायची त्याची छाती होईना.

त्याची नजर सावित्रीबाईंनी पाहिली होती.

त्या उठल्या. डोक्यावरचा पदर नीट केला. पडद्यापाशी गेल्या, एकेक काटा उपटून टाकला आणि तारेचं टोक खिळ्यातून सोडवलं. पडदा घसरत घसरत जमिनीवर आला. हातात लांबच लांब तार घेऊन त्या गाडीखाली वाकल्या.

"धरा."

मोहनराव खालून म्हणाले, "आन् बाजारातून कसं जायचं?"

"तोंड वर करून," सावित्रीबाई म्हणाल्या. "पडदा लेकीसाठी व्हता. लेक असंल तं पडदा."

मोहनरावांनी तार हातात घेतली. त्यांच्या डोळ्यांतून पाणी येत होतं. धुरानं आलं असं ते पुढे कायम सांगत, पण इंजिन तर बंद होतं. त्या तारेचे वेढे माझ्याभोवती बसत होते तेव्हा मला पहिल्यांदा कुणीतरी मिठी मारतंय असं वाटलं. आजही तो क्षण आठवला की माझ्या गंजलेल्या अंगात ऊब येते.

छबुबाईनं मोटारीवरून भाकरतुकडा ओवाळून टाकला आणि बंकटला बजावलं, "सावकाश हाक. माती वली हाय अजून."

वडवणीच्या बाजारातून आम्ही गेलो तेव्हा सगळी पेठ बघत होती. सावित्रीबाई आणि चंद्रभागा उघड्या बसल्या होत्या. कोण काय म्हणालं ते मला ऐकू आलं नाही, कारण कितीतरी दिवसांनी मी शांत झाले होते. माझं सगळं लक्ष त्या मातीवर होतं. ती वाळत होती, चरे पडत होते, पण पत्रा तिला धरून होता आणि पत्र्याला तार. बीडच्या दवाखान्याच्या दाराशी गाडी थांबली आणि मातीचा एक तुकडा गळून पडला. जणू म्हणाला, माझं काम झालं.

बाळंतपण अवघड गेलं. बंकट गाडीच्या पायरीवर बसून एकामागून एक विड्या ओढत होता, मोहनराव फेऱ्या घालत होते. डॉक्टरीणबाई बाहेर आल्या आणि हसल्या. मुलगी. आई सुखरूप, लेक सुखरूप. तिचं नाव कौशल्या ठेवलं.

पुढे दिंद्रुडला म्हाळू लोहारानं मला कायमचं बरं केलं. त्यानं तार सोडली, माती फोडली, आतली भेग बघितली आणि आधी छबुबाईच्या लेपाला हात जोडले. मग माझा सडका भाग कापून टाकला. बाहेरून पत्र्याची बांगडी चढवली, फटीत सांधा धरायला टाकणखार आणि पितळेचा कीस भरला आणि भट्टीत मला लाल होईस्तोवर तापवलं. पितळ पाण्यासारखं वितळून फटीत भिनलं आणि मी पुन्हा एकसंध झाले. बंकटला वाटलं, संपलं. म्हाळू म्हणाला, "नुसतं भोक बुजवून काय व्हतंय? हिचा आधार तुटलाय, म्हणून भेग पडली. वादी काढून टाक." त्यानं नवी लोखंडी पट्टी घडवून मला हलतं-डोलतं पण भक्कम टांगलं. शेवटी बंकटनं इंजिन चालू केलं आणि माझ्या मागच्या तोंडावर क्षणभर ओला फडका दाबला. सांध्यातून सुस्कारासुद्धा निघाला नाही. सगळे हसले. फळीच्या फटी मोहनरावांनी सुताराकडून बुजवून घेतल्या.

म्हाळूनं तार ठोकून सरळ केली आणि घरी नेऊन दिली. "बाई, पडद्याची तार."

"ठेव," सावित्रीबाई म्हणाल्या. "पडद्याला न्हाई लागायची." त्या तारेवर कौशल्याची दुपटी वाळू लागली.

म्हाळूनं दिलेला तो सांधा मोटार संपली तरी निघाला नाही. इंजिन गेलं, चाकं गेली, मी तशीच. सावित्रीबाईंनी विचार केला, लेकीच्या स्वयंपाकघरात धूर फार कोंडतो. बंकटनं मला बैलगाडीत घातलं, वर तारेचं भेंडोळं ठेवलं, आणि लेकीसारखी माझी इकडे पाठवणी केली. म्हणून मी इथे. त्याच तारेनं मला आढ्याला बांधलंय. बघा, वर, ते काळे वेढे.

माझं एक तोंड आत आहे आणि एक बाहेर गल्लीत, त्यामुळे मला घरातलंही दिसतं आणि रस्त्यावरचंही. परवा कौशल्याचं लग्न झालं. गल्लीत नवऱ्याकडची मोटार उभी होती, नवी कोरी, मखमली पडद्यांची. सगळ्यांच्या डोळ्यांत पाणी. कौशल्या आत बसली आणि कुणीतरी पडदा सोडला.

गर्दीतून काठी टेकत सावित्रीबाई पुढे आल्या. आता त्यांना नीट दिसत नाही. त्यांनी हातानं चाचपून पडद्याचं कापड शोधलं आणि नवऱ्यामुलाच्या वडिलांकडे तोंड करून म्हणाल्या, "पाव्हणं, एवढा वर घ्या. ही पोरगी पडदा काढला तव्हा जगात आलीय."

पाहुण्यांनी स्वतःच्या हातानं पडदा वर केला. मोटार वळेपर्यंत कौशल्याचं तोंड दिसत होतं.

आता मी म्हातारी झाले. अंगाचा पत्रा पातळ झालाय, सांध्यातलं पितळ तेवढं पिवळं राहिलं आहे. पण खरं सांगू, मला माझ्या सगळ्या डागडुज्यांचं कौतुक आहे. म्हाळूची कायमची, तशीच छबुबाईची एका दुपारची. त्या ओल्या मातीनं मला फक्त बीडपर्यंत नेलं, आणि तेवढंच हवं होतं. कल्हईवाल्यावरही माझा राग नाही. त्यानं मला एकदा तरी चांदीची केली.

तुमच्याकडे एकच मागणं आहे. घरात, गाडीत, कुठेही कुणी बाई म्हणाली की जीव घाबरतोय, तर तिला कांदा हुंगवण्याआधी पडदा बाजूला करा.

चंद्रभागानं भाकरी टाकली बघा. तुम्ही जेवा. धुराचं मी बघते.